देग बाळंत झाली, देग दगावली. पण सिनेमा पुढे कसा न्यायचा?

तिसरा_मसुदा (प्रश्न)

मी कसबा पेठेत राहते, पटकथा आणि संवाद लिहिते. आजवर बरंचसं काम मालिकांचं. आता पहिल्यांदाच दोन तासांचा विनोदी चित्रपट लिहितेय, ताजिक लोककथांवरून, आणि तिसऱ्या मसुद्यात पुरती अडकलेय. इथे नाटकवाले, सिनेमावाले, भाषेवर जीव असणारे बरेच जण आहेत म्हणून विचारते.

या कथा माझ्याकडे कशा आल्या ते आधी सांगते, कारण अडचण तिथूनच सुरू होते. मी तिसरीत असताना बाबांनी रशियन पुस्तकांच्या प्रदर्शनातून सोव्हिएत देशांतल्या लोककथांचं एक मराठी पुस्तक आणलं. गुळगुळीत कागद, पानभर चित्रं, किंमत अगदी किरकोळ. त्यातल्या गाढवावर उलटं बसलेल्या अफंदीचं, म्हणजे आपल्या मुल्ला नसरुद्दीनचं, चित्र मी इतक्या वेळा पाहिलंय की ते पान सुटं झालं. पुढे रानडे इन्स्टिट्यूटमध्ये रशियन शिकले. ताजिक म्हणजे फारसीच, फक्त १९४० च्या सुमारापासून ती सिरिलिक लिपीत लिहिली जाते. रशियनमुळे अक्षरं वाचता यायची, आणि शब्द मात्र मराठीमुळे कळायला लागले. बोझोर, दुकोन, कोझी, देग, मस्खरा. बाहीला ओस्तीन, आपल्या अस्तनीतल्या निखाऱ्याची अस्तनी ती हीच. हे लक्षात आलं त्या रात्री दीड वाजता मी नवऱ्याला उठवून सांगितलं होतं.

गोष्टीची सुरुवात तिथे 'बुद, नबुद' अशी होते. होता, नव्हता. आपलं 'आटपाट नगर होतं' आहे ना, तसंच. पण यात पहिल्या दोन शब्दांतच सांगणारा म्हणतो की हे खरंही आहे आणि नाहीही. विनोदी सिनेमाला याहून चांगली सुरुवात मला सापडलेली नाही.

आता अडचण. माझ्या पटकथेचा कणा असलेली गोष्ट तुम्ही ऐकली असेल. अफंदी शेजारच्या श्रीमंताकडून मोठी देग, म्हणजे पुलाव रांधायचं भांडं, मागून नेतो. परत देताना आत एक छोटी देग. "हे काय?" "तुमची देग बाळंत झाली." शेजारी दोन्ही ठेवून घेतो. काही दिवसांनी अफंदी पुन्हा देग नेतो, ती परत येतच नाही. "देग कुठाय?" "दगावली बिचारी." "देग कशी मरेल?" "बाळंत झाली तेव्हा पटलं, मग मेली ते का पटत नाही?"

संपली. सांगायला एक मिनिट लागतं. अफंदीच्या सगळ्याच गोष्टींचं असं आहे: शेवटच्या वाक्यावर टाळी, आणि दार बंद. पहिल्या मसुद्यात मी अशा बावीस गोष्टी ओवल्या. खाणावळीतल्या वासाचे पैसे नाण्यांच्या आवाजानं चुकवणं, गाढवं मोजताना स्वतःखालचं विसरणं, जेवणाच्या पंगतीत नव्या अंगरख्याच्या बाहीला पुलाव भरवणं, सगळं. वाचन झालं तेव्हा पहिली वीस मिनिटं लोक हसले, मग जांभया. मणी होते, दोरा नव्हता. दुसऱ्या मसुद्यात अफंदीला प्रेयसी दिली, तिला पळवणारा सरदार दिला. दोरा आला, पण अफंदी गेला. त्याच्या जागी कुठलाही नायक चालला असता.

त्यात निर्मात्याचं म्हणणं की ताजिकिस्तान कोणाला माहीत आहे, सरळ पेशवाईतलं पुणं करा, काझीचा कारभारी करा. मला ते जमत नाहीये. का जमत नाहीये हे नीट सांगताही येत नाहीये, म्हणून हा धागा. एका मिनिटाच्या गोष्टीतून दोन तास कसे काढायचे? आणि गाव बदलावं की नाही? शिवाय लोककथा असली तरी कोणाची परवानगी लागते का, हे कोणाला ठाऊक असेल तर तेही सांगा.

---

नदीपात्र

मी तीस वर्षं वग लिहिले आणि बसवले, आता गुडघे साथ देत नाहीत म्हणून लिहितो फक्त. तेव्हा तमाशाच्या अंगानं सांगतो.

वगाची गोष्टसुद्धा चार ओळींचीच असते. राजा चुकतो, सोंगाड्या ते उघडं पाडतो. तरी फड रात्रभर चालतो. कशाच्या जोरावर? सोंगाड्याच्या कोट्यांच्या जोरावर म्हणाल तर अर्धंच खरं. कोटी झाली की समोरचा काय करतो यावर रात्र चालते. राजाला कोटी कळते पण कबूल करता येत नाही, प्रधानाला कळते पण हसता येत नाही, मावशीला कळत नाही आणि ती भलताच अर्थ लावून भांडायला उठते.

तुमच्या गोष्टीत तुम्ही अफंदीच्या मागे मागे फिरताय. त्याला सोडा. तो पहिल्या मिनिटालाच जिंकलेला आहे, त्याच्यात आता नाट्य उरलेलं नाही. शेजाऱ्याकडे बघा. देग बाळंत झाली हे वाक्य खोटं आहे हे त्याला पक्कं माहीत आहे. तरी तो "हो" म्हणतो, कारण घरात एक देग जास्तीची येते. एकदा हो म्हटल्यावर ते त्याला गावभर निभवावं लागेल. बायको विचारेल, ही छोटी कुठून आणलीत? तो सांगेल, आपलीच आहे, आपल्या देगेला झाली. मग बायको म्हणेल, झाली तर बारसं नको का? आता त्याला गूळ-खोबरं वाटणं आलं. म्हणजे ज्या त्या गावात जे काही वाटतात ते. आणि जे जे लोक येऊन खाऊन गेले, ते सगळे त्या खोट्याचे साक्षीदार झाले.

मग देग मेली की शेजारी काझीकडे जाणार. पण काझीही त्या जेवणाला होता! पहिल्या पंगतीला बसून दोनदा मागून घेतलं होतं त्यानं. आता देग मरू शकत नाही असा निवाडा द्यायचा तर तिला मूल झालं होतं तेही खोटं ठरतं, मग आपण जेवलो कशाचं? हा सगळा दोरा तुमच्या एक मिनिटाच्या गोष्टीच्या आतच आहे. प्रेयसी बाहेरून आणायची गरज नाही.

आणि एक शब्दाचं. तुम्ही 'व्याली' न म्हणता 'बाळंत झाली' लिहिलंत, ते उत्तम केलंत. व्याली म्हटलं असतं तर भांडं जनावराच्या पातळीवर राहिलं असतं. बाळंत झाली म्हटलं की लगेच बाळंतविडा, डिंकाचे लाडू, शेक-शेगडी, सगळं घर कामाला लागतं. 'दगावली'ही तसाच. हा शब्द ऐकला की माणूस आधी हळहळतो, मग कोण दगावलं ते विचारतो. नटाला सांगा, हा शब्द खऱ्या दुःखानं म्हणायचा. डोळा मारलात की वग संपला.

---

अर्धा_पेला

मी मूळची सातारा रोडची, एमबीबीएस ताजिकिस्तानच्या राजधानीत, दुशान्बेला केलं. तिथल्या अविसेना वैद्यकीय विद्यापीठात भारतीय मुलं पुष्कळ असतात. पहिली दोन वर्षं वसतिगृह आणि वाचनालय एवढंच पाहिलं, मग एका वर्गमैत्रिणीच्या घरी खुजंदला जाऊन राहायला लागले. तिचे आजोबा अफंदीच्या गोष्टी सांगायचे. आम्ही भारतीय म्हटल्यावर आधी राज कपूरचं गाणं म्हणून दाखवायचे आणि मग गोष्ट.

ते सांगताना अजिबात हसायचे नाहीत. शेवटचं वाक्य झालं की चहा ओतायला घ्यायचे, जणू काही घडलंच नाही. हसायचं आम्ही, तेही थोडं उशिरा. म्हणून नदीपात्र काकांचं डोळा न मारण्याचं म्हणणं मला एकदम पटलं.

चहाचं सांगते, कारण त्यात अख्खा प्रसंग आहे. तिकडे हिरवा चहा आधी पियोल्यात, म्हणजे पेल्यात, ओतून परत किटलीत टाकतात, असं तीनदा, मग वाटतात. आणि पाहुण्याला पियोला कधीच भरून देत नाहीत, तळाशी थोडासाच. थोडा दिला म्हणजे पुन्हा पुन्हा ओतता येतो, म्हणजे तुम्ही बसा, घाई नाही. काठोकाठ भरून दिला तर अर्थ असा की प्या आणि निघा. मला पहिल्या दिवशी दोन घोट चहा मिळाला तेव्हा वाटलं, यांच्याकडे चहा संपलाय. मी म्हटलं, मला भरून द्या, मला खूप आवडतो. सगळे एकदम गप्प झाले. मैत्रिणीनं बाहेर नेऊन समजावलं तेव्हा मला रडू आलं. तुमचा शेजारी आणि अफंदी यांच्यातलं नातं बिघडत कसं जातं, हे पेल्यातल्या चहाच्या उंचीवर दाखवता येईल. एकही संवाद नको.

आता जे तुम्हाला कदाचित आवडणार नाही ते. कसब्यात राहता म्हणजे तांबट आळी डोक्यात असणार, देग तांब्याची धरली असणार. पुलावाची देग तिकडे बिडाची असते. जड, काळी, बुडाला गोल. पंगतीचा पुलाव पुरुष रांधतात, आणि एवढी मोठी देग प्रत्येकाच्या घरी नसते, म्हणूनच ती मागून न्यायची वेळ येते. तुमच्या गोष्टीचं कारणच त्या देगेच्या वजनात आहे. ओशी पलाव, म्हणजे तिकडचा पुलाव, २०१६ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेला तोसुद्धा नुसता पदार्थ म्हणून नाही, त्याभोवती माणसं जमतात ती सगळी रीत म्हणून.

आणि पेशवाईतलं पुणं कृपा करून नको. बुखाऱ्याच्या अमिरातीत काझी अमिराचा माणूस. अमिरात १९२० पर्यंत टिकली, म्हणजे आजोबांच्या वडिलांच्या पिढीतल्या तिथल्या लोकांनी असे काझी डोळ्यांनी पाहिलेले. त्या गोष्टींवर ते लोक हसतात त्याला ती आठवण आहे. त्याला पगडी घालून शनिवारवाड्यात बसवलं की उरतो फक्त चुटका.

---

संग्रहालयाचा_शेजार

लॉ कॉलेज रोडला राहतो, चित्रपट संग्रहालयाच्या जवळ, आणि जुने सोव्हिएत चित्रपट हा माझा आयुष्यभराचा नाद आहे. थोडी माहिती देतो.

तुमच्या आधी हा रस्ता चाललेले आहेत. १९४३ साली, युद्ध चालू असताना, याकोव प्रोताझानोव यांनी ताश्कंदच्या स्टुडिओत नसरुद्दीन बुखाऱ्यात येतो तो चित्रपट केला. तिथे कणा असा: गरीब कुंभार सावकाराच्या कर्जात बुडालाय, त्याच्या मुलीवर संकट आहे आणि नसरुद्दीन दोघांना सोडवतो. १९५९ मध्ये ताजिकफिल्मनं खुजंदमधल्या नसरुद्दीनवर केला. तुमचा दुसरा मसुदा म्हणजे साधारण हीच वाट. ती वाईट नाही, पण ती झालेली आहे, आणि त्यात नसरुद्दीन शूर होतो. तुम्हाला शूर नको असेल तर काकांचा शेजारीच धरा.

अजून एक पात्र सुचवतो. मुश्फिकी. सोळाव्या शतकातला बुखाऱ्याचा खरा कवी, अकबराच्या दरबारातही येऊन गेलेला. ताजिक लोकांनी त्याला पुढे लोककथेत ओढलं आणि आज अफंदीच्या खालोखाल त्याच्या नावावर चुटके आहेत. खरा माणूस मेल्यावर गोष्टीत जाऊन बसला. 'होता, नव्हता' म्हणणाऱ्या तुमच्या निवेदकाला याच्याहून योग्य कोण?

मात्र 'कल' वापरणार असाल तर जपून. परीकथांमधला टकल्या पोरका मुलगा, जो शेवटी राजाला हरवतो. त्याचं टक्कल बहुतेक वेळा डोक्याच्या रोगाचं आहे, गरिबीचं. विग लावून त्यावर हशे घेतले तर गोष्टीनं ज्याची बाजू घेतली त्यालाच आपण खाली पाडू.

---

कलम_चौदा

परवानगीचं मी सांगतो, वकिली करतो. लोककथेवर कोणाची मालकी नाही. पण कोणी ती आपल्या शब्दांत लिहिली, अनुवाद केली, कादंबरी केली, तर त्या लेखनावर आहे. आपल्या १९५७ च्या कायद्यानं लेखकाच्या आयुष्यभर आणि मृत्यूनंतर ६० वर्षं. बाहेरच्या देशांत मुदत वेगळी असू शकते. म्हणून एकाच पुस्तकावर विसंबू नका. देगेची गोष्ट चार-पाच जुन्या संग्रहांतून वाचा, सगळीकडे समान आहे तेवढं घ्या, बाकी स्वतःचं लिहा. काय कुठून घेतलं याची तारखेसह वही ठेवा. नसरुद्दीनच्या गोष्टी सांगण्याची परंपरा २०२२ मध्ये ताजिकिस्तान, उझबेकिस्तान, तुर्कस्तान धरून सात देशांनी मिळून युनेस्कोत नोंदवली आहे, पण त्यानं कोणाला कॉपीराइट मिळत नाही. आणि पटकथा लेखक संघटनेत नोंदवूनच निर्मात्याच्या हातात द्या.

गाढव असणार ना? त्यासाठी मात्र प्राणी कल्याण मंडळाची परवानगी आधी काढावी लागते. शूटिंगच्या आदल्या आठवड्यात धावपळ करू नका.

---

तिसरा_मसुदा

चार दिवस उत्तर दिलं नाही, कारण लिहीत होते. तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. काय झालं ते सांगते.

काका, तुमचं उत्तर वाचलं त्या रात्री मी अफंदीला पहिल्या पंचवीस मिनिटांत गावाबाहेर पाठवला. गाढव घेऊन तो बाजाराला जातो. देग बाळंत झाल्याचं सांगतो आणि जातो. मागे उरतो शेजारी, त्याच्या हातातली छोटी देग, आणि बायको. आता चित्रपट तिचा होत चाललाय. तिला स्वतःला मूल नाहीये. हे मी ठरवलं नव्हतं, लिहिताना आलं. तिला देग बाळंत झाल्याचं हसूही येतं आणि ती छोटी देग दुपट्यात गुंडाळून ठेवतेही. तो प्रसंग लिहिताना मी थांबले. ह्यात विनोद उरतो का? मला वाटतं उरतो, फक्त त्याची जात बदलते. आजोबा चहा ओतायला घ्यायचे तसा काहीतरी शांतपणा त्यात हवा.

पेल्याचा चहा घेतला. पहिल्या भेटीत तळाला दोन घोट, शेवटच्या भेटीत काठोकाठ, इतका की उचलताना सांडतो. डॉक्टर, तुमचा तो रडू आल्याचा प्रसंग अफंदीच्या शेजाऱ्याकडे आलेल्या परगावच्या पाहुणीला दिलाय. चालेल ना?

बिडाचं वाचून मात्र वाईट वाटलं. खरंच तांबट आळीतूनच आणणार होते देग. रोज सकाळी त्या आळीतून जाताना मठारकामाचा ठकठक आवाज येतो, हातोडीचा एकेक ठसा शेजारी शेजारी उमटत जातो, आणि तो आवाजच मला चित्रपटाच्या पहिल्या चौकटीवर हवा होता. कल्हईवाल्याचा एक अख्खा प्रसंग लिहिला होता: देग आजारी आहे, तोंड पांढरं पडलंय, म्हणून शेजारी कल्हईवाल्याला वैद्यासारखा बोलावतो. माझा सगळ्यात आवडता प्रसंग. बिडाच्या भांड्याला कल्हई कशाला? दोन दिवस मी युक्त्या शोधत होते, कोणाला कळणार आहे असंही स्वतःला सांगून पाहिलं. पण खुजंदचा एखादा माणूस हा सिनेमा बघेल आणि पहिल्याच दृश्यात मान फिरवेल, हे मला सहन होईना. देग बिडाची केली. मग आठवलं, हात धुवायचा ओफ्तोबा तांब्याचा असतो. कल्हईवाला आता ओफ्तोब्यासाठी येतो, आणि त्याला बघून शेजारीण हळूच विचारते, आमच्या मोठीला जरा बघता का? प्रसंग आधीपेक्षा बरा झालाय.

गाढवासाठी पौष पौर्णिमेला जेजुरीच्या बाजारात जाणार आहे. तिथे दात बघून भाव करतात. आपल्याच गाढवाची दलालानं केलेली तारीफ ऐकून मालक तेच परत विकत घेतो, ती गोष्ट मला तिथे उभं राहून पुन्हा लिहायची आहे. तारीफ करणाऱ्यांची भाषा कानावर पडल्याशिवाय ती जमणार नाही. परवानगीचा अर्ज त्याआधी टाकते.

निर्मात्याशी बोलले. खुजंद राहणार, भाषा मराठी राहणार. ओस्तीन-अस्तनीचं उदाहरण दिलं, पुलाव खाणाऱ्या बाहीची गोष्ट सांगितली. तिच्यावर फारसीत म्हणच आहे, 'आस्तीन-ए नौ, पुलाव बुखोर'. नव्या अस्तनी, पुलाव खा. ते थोडा वेळ गप्प बसले आणि मग म्हणाले, हे तर आपलंच वाटतंय. मी म्हटलं, मग गाव का बदलायचं? अजून होकार आलेला नाही, पण पेशवाईचा विषय त्यांनी पुन्हा काढलेला नाही.

मुश्फिकीवर विचार चालू आहे. घाई करत नाही.

एक शेवटची गोष्ट विचारायची आहे, अर्धा_पेला यांना. देग दगावल्याची बातमी गावात पसरते. काझी, खानसामा, शेजारपाजारचे, म्हणजे जे जे जेवून गेले होते ते सगळे शेजाऱ्याच्या घरी भेटायला येतात. त्यांना यावंच लागतं. कोणीच हसू शकत नाही. या जागी ते ताजिकमध्ये नेमकं काय म्हणतील? बाकी संवाद मराठीत आहेत, पण हे एक वाक्य मला त्यांच्याच भाषेत ठेवायचंय.

---

अर्धा_पेला

पाहुणीला दिलंत ते वाचून छान वाटलं. जरूर ठेवा.

'खुदो रहमत कुनद.' देव दया करो. पण हे दारातून उभ्या उभ्या म्हणू देऊ नका. आधी सगळे आत येऊन बसतात. थोडा वेळ कोणी काहीच बोलत नाही. मग वयानं मोठा असलेला माणूस दोन्ही तळहात समोर धरतो, बाकीचे त्याच्याबरोबर धरतात, तो हलक्या आवाजात म्हणतो, आणि शेवटी सगळे एकदम तळहात चेहऱ्यावरून खाली फिरवतात.

तुमच्याकडे वयानं मोठा काझीच असेल ना?